रोझेनश्ट्रासेचें प्रकरण : सरकारी कागद आणि बंदिवानांच्या बायका

बर्लिन शहराच्या मध्यभागीं रोझेनश्ट्रासे नांवाचा एक आखूड रस्ता आहे. तेथें फेब्रुवारी-मार्च 1943 मध्यें घडलेल्या घटनेवर गेल्या कांहीं दशकांत पुष्कळ लिहिलें गेलें आहे. नाझी सरकारनें कोंडून ठेवलेले आपले यहुदी नवरे सुटावे म्हणून साध्या घरगुती बायका त्या रस्त्यावर आठवडाभर येऊन उभ्या राहिल्या, आणि बहुतेक नवरे सुटले, एवढीच ती हकीकत. परंतु नवरे सुटले ते बायका उभ्या राहिल्या म्हणून, कीं ते एरवींही सुटणारच होते, या प्रश्नावर अभ्यासकांत दोन तट पडले आहेत. पहिल्या तटाचा मुख्य ग्रंथ नेथन स्टोल्झफस या अमेरिकन संशोधकाचा असून तो 1996 मध्यें प्रसिद्ध झाला. दुसऱ्याचा वोल्फ ग्रूनर या जर्मन संशोधकाचा असून तो 2005 मध्यें निघाला. पहिल्याचा भर मुख्यतः हयात माणसांच्या आठवणींवर, तर दुसऱ्याचा तत्कालीन सरकारी कागदांवर आहे. या दोन प्रतिपादनांचें साधनांच्या दृष्टीनें परीक्षण करावें, हा प्रस्तुत लेखाचा हेतु आहे.

बर्लिनचें प्रकरण या पृष्ठांत कशाला, असें एखादा वाचक विचारील. त्यास दोन उत्तरें आहेत. नागोठणें व रोहें यांच्या दरम्यानचें निडी हें गांव ज्या टापूंत येतें, त्या पेण, रोहें व अलिबागच्या टापूस यहुदी माणूस परका नाहीं. बेने इस्रायल लोकांनीं येथें पिढ्यान्‌पिढ्या तेलाचे घाणे चालविले. शनिवारीं ते घाणा बंद ठेवीत म्हणून त्यांस शनवार तेली म्हणत. पेणकर, रोहेकर, किहीमकर अशीं गांवांवरून पडलेलीं आडनांवें ते आजही लावतात. आणि त्यांचीं धर्मपुस्तकें एकोणिसाव्या शतकांतच मराठी भाषांतरासह छापलीं गेलीं. ज्या मुलखानें यहुदी शेजारी शेजारी म्हणूनच पाहिला, त्यास युरोपांत त्याच धर्माच्या शेजाऱ्यांवर काय ओढवलें आणि त्यांच्यासाठीं कोण उभें राहिलें हें जाणून घेण्याचें कारण आहे. दुसरें उत्तर आमच्या व्यवसायाचें आहे. कै. राजवाडे यांनीं 1898 मध्यें ‘मराठ्यांच्या इतिहासाचीं साधनें’ यांचा पहिला खंड काढून बखरींच्या विश्वसनीयतेची कठोर झडती घेतली, तेव्हांपासून अस्सल कागद व मागाहून सांगितलेली हकीकत यांचा तंटा आपल्याकडे चालूच आहे. तोच तंटा बर्लिनच्या या प्रकरणांत इतक्या उघड स्वरूपांत दिसतो कीं, त्यावरून आपल्या संग्राहकांस घेण्यासारखें पुष्कळ आहे.

प्रथम उभय पक्षांस मान्य असलेली हकीकत देतों. 1935 च्या न्युरेंबर्ग कायद्यांनीं यहुदी व जर्मन यांचे नवे विवाह बंद झाले. पूर्वीं झालेले विवाह मात्र सरकारनें रद्द केले नाहींत. रद्द केले नाहींत, तरी ते आपण होऊन मोडावे यासाठीं जर्मन बायकांवर चोहों बाजूंनीं दाब येऊं लागला. नवऱ्याची नोकरी गेली, राहतें घर गेलें, शेजारपाजार तुटला, पुष्कळींचें माहेर तुटलें, आणि पोलिसांच्या कचेरींत वारंवार बोलावून घटस्फोटाची सूचना होऊं लागली. 1938 च्या विवाहविषयक कायद्यानें ती वाट सुलभ करून ठेवली होती. बाईनें सही केली कीं ती सर्व जाचांतून मोकळी. परंतु तिचा नवरा त्या क्षणापासून इतर यहुद्यांप्रमाणें हद्दपारीस पात्र. बहुसंख्य बायकांनीं सही केली नाहीं.

27 फेब्रुवारी 1943, शनिवार, या दिवशीं बर्लिनमधील कारखान्यांत राबणाऱ्या यहुद्यांस एकाच वेळीं पकडण्यांत आलें. मार्चच्या पहिल्या पंधरवड्यांत त्यांपैकीं सुमारें 7000 माणसें आउश्विट्झकडे रवाना झालीं. ज्यांच्या बायका जर्मन होत्या असे पुरुष, तसेंच मिश्रविवाहांतून झालेलीं कांहीं मुलें, मिळून सुमारें 2000 जणांना वेगळें काढून रोझेनश्ट्रासे 2-4 येथील यहुदी समाजाच्या मालकीच्या इमारतींत कोंडण्यांत आलें. नवरा संध्याकाळीं घरीं आला नाहीं म्हणून बायका शोधूं लागल्या. एकीकडून दुसरीस पत्ता लागला. भाकरीचें पुडकें, दाढीचें सामान, शिध्याचें कार्ड मागण्याचें निमित्त, असें कांहीं ना कांहीं घेऊन त्या दाराशीं आल्या आणि तेथेंच थांबल्या. 1 मार्चच्या रात्रीं शहरावर इंग्रजांचा मोठा हवाई हल्ला झाला. दुसऱ्या दिवशीं त्या पुन्हां हजर होत्या. 6 मार्चपासून मोठ्या प्रमाणावर सुटका सुरू झाली. आतील 25 पुरुष दरम्यान आउश्विट्झला पाठविले गेले होते. त्यांनाही परत आणण्यांत आलें, मात्र घरीं न सोडतां एका श्रमछावणींत टाकण्यांत आलें. आउश्विट्झला गेलेला माणूस सरकारच्याच हुकमानें माघारी येणें ही किती दुर्मिळ गोष्ट होती हें सांगावयास नको.

आतां साधनांकडे वळूं. तीं तीन वर्गांत मोडतात. पहिला वर्ग त्याच दिवसांतील सरकारी लिखाणाचा. यांत दोन कागद मुख्य आहेत : एक, फ्रांकफुर्ट-ओडर येथील गुप्त पोलिसांनीं फेब्रुवारीच्या अखेरीस आपल्या हाताखालील अधिकाऱ्यांस धाडलेला हुकूम, दुसरा, बर्लिनचा प्रांतप्रमुख व प्रचारमंत्री गोबेल्स याच्या रोजनिशींतील 6 मार्चची नोंद. बर्लिनच्या गुप्त पोलिसांचें स्वतःचें दप्तर मात्र बव्हंशीं नष्ट झालें. दुसरा वर्ग जवळच्या काळांतील खाजगी लिखाणाचा : रूथ आन्द्रेआस-फ्रीडरिख हिची 1947 मध्यें छापलेली रोजनिशी आणि गेओर्ग त्सिव्हिअर यानें डिसेंबर 1945 मध्यें एका नियतकालिकांत दिलेली हकीकत. तिसरा वर्ग, चाळीस वर्षांनीं व त्याहूनही पुढें सांगितलेल्या आठवणींचा. या शेवटच्या वर्गांत त्या रस्त्यावर उभ्या राहिलेल्या बायका आहेत, आंत कोंडलेले पुरुष आहेत, आणि गोबेल्सचा एके काळचा सचिव गुटेरर हाही आहे.

स्टोल्झफस यांचें श्रेय मोठें आहे. साक्षीदार एकेक करून काळाच्या पडद्याआड जात असतां त्यांनीं त्यांस गांठून त्यांचीं वचनें टिपून ठेवलीं. हें काम दहा वर्षें लांबतें तर झालेंच नसतें. शिवाय ते केवळ एका आठवड्याची कथा सांगत नाहींत. 1933 पासूनच्या त्या संसारांची कथा सांगतात, आणि तोच त्यांच्या ग्रंथाचा सर्वांत बळकट भाग होय. परंतु आठवणींचें वजन करतांना त्यांचें माप कांहींसें सैल पडलें आहे, असें आम्हांस वाटतें. जमाव किती होता? एक साक्ष दीडदोनशें म्हणते, दुसरी हजारों म्हणते. बायका ओरडत होत्या कीं मुकाट उभ्या होत्या? याही बाबतींत साक्षी जुळत नाहींत. यंत्रबंदुका रोखल्या गेल्याची गोष्ट कांहीं साक्षींत आहे, परंतु तिला त्या आठवड्यांतील एकाही लेखाचा आधार नाहीं. सकाळीं येऊन तासाभरानें जाणारी बाई आणि दुपारभर थांबणारी बाई यांनीं पाहिलेला जमाव एकच नसणार, हें उघड आहे. म्हणून साक्षी जुळत नाहींत याचा अर्थ त्या खोट्या असा नव्हे. परंतु अशा स्थितींत सर्वांत मोठा आंकडा व सर्वांत थरारक तपशील उचलणें शास्त्रास धरून नाहीं. गुटेररच्या साक्षीचेंही तसेंच. जमाव पांगावा म्हणून गोबेल्सनें माणसें सोडलीं, असें तो म्हणतो. तो आंतल्या गोटांतील माणूस खरा. पण चार दशकांनंतर, स्वतःच्या धन्याच्या व स्वतःच्या वर्तनाविषयीं बोलणारा असा हा साक्षीदार आहे. त्याचें वचन पुरवणी म्हणून चालेल, पाया म्हणून चालणार नाहीं.

ग्रूनर यांचा ग्रंथ या सैलपणाच्या विरुद्ध उभा आहे, आणि म्हणूनच तो प्रत्येक संशोधकानें वाचण्यासारखा आहे. फ्रांकफुर्ट-ओडरच्या हुकमावरून ते दाखवितात कीं, मिश्रविवाहांतील यहुद्यांस कारखान्यांतून काढून त्यांची नोंद करावयाची होती. सरसकट हद्दपार करावयाचें नव्हतें. मग रोझेनश्ट्रासेंत त्यांस कोंडलें कां? तर प्रत्येकाचा दर्जा तपासण्यासाठीं, आणि यहुदी संस्थांतून जे नोकर लवकरच हद्दपार व्हावयाचे होते त्यांच्या जागीं यांतून माणसें निवडण्यासाठीं. तपासणी झाली, माणसें सुटलीं; बायका तेथें नसत्या तरी तीं सुटलींच असतीं, असा त्यांचा निष्कर्ष आहे. गोबेल्सच्या नोंदीविषयींही त्यांचा आक्षेप सूक्ष्म आहे. त्या नोंदींत, एका यहुदी वृद्धाश्रमापुढें अप्रिय प्रसंग घडले, लोक मोठ्या संख्येनें जमले व कांहींनीं यहुद्यांची बाजूही घेतली, म्हणून हद्दपारी कांहीं आठवडे पुढें ढकलण्यास आपण सांगितलें, अशा अर्थाचा मजकूर आहे. परंतु रोझेनश्ट्रासेची इमारत वृद्धाश्रम नव्हती. वृद्धाश्रम जवळच दुसऱ्या रस्त्यावर होता आणि तोही त्या काळांत कोंडवाडा म्हणूनच वापरला जात होता. तेव्हां ही नोंद आमच्या प्रकरणाचीच, असें डोळे मिटून धरतां येत नाहीं. हा आक्षेप योग्य आहे. ठिकाण जुळत नसतां नोंद चिकटवून देण्याची खोड आपल्याकडेही कमी नाहीं.

येथवर आम्ही ग्रूनर यांच्याबरोबर आहोंत. यापुढें मात्र त्यांच्याबरोबर जातां येत नाहीं, आणि त्याचीं कारणें तीन आहेत.

पहिलें असें कीं, जो हुकूम त्यांनीं पुढें केला तो फ्रांकफुर्ट-ओडरचा आहे, बर्लिनचा नव्हे. मूळ आज्ञा एकाच वरिष्ठ कचेरींतून निघाली असावी, हें अनुमान सबळ आहे; पण तें अनुमानच. शेजारच्या परगण्यास गेलेलें पत्र सांपडलें म्हणून राजधानींत काय घडलें तें सिद्ध झालें, असें आपण पेशवाईच्या बाबतींत मानूं काय? दुसरें असें कीं, हुकूम हा हेतूचा पुरावा असतो, वर्तनाचा नव्हे. ‘सरसकट नेऊं नये’ असा हुकूम असतांही 25 माणसें आउश्विट्झला गेलींच. म्हणजे हाताखालच्या माणसांनीं हुकमाची मर्यादा एकदां ओलांडली होती. ज्या दारांतून 25 गेले, त्याच दारांतून आणखी किती जाऊं शकले असते, आणि तसें न होण्यास बाहेरचा जमाव किती कारणीभूत झाला, याचें उत्तर तो हुकूम देत नाहीं व देऊंही शकत नाहीं.

तिसरें कारण आम्हांस सर्वांत महत्त्वाचें वाटतें. त्या हुकमांत मिश्रविवाहांचा प्रश्न या निमित्तानें एकदम निकालांत काढला जात आहे असा समज पसरूं नये, अशा आशयाची सावधगिरीची सूचना आहे. समज पसरण्याची ही धास्ती कोणास वाटत होती आणि कोणाविषयीं? ज्या सरकारनें लक्षावधि माणसें मारतांना कोणाची भीड धरली नाहीं, तें या दोन हजार पुरुषांपाशीं येऊन अडखळलें, याचें कारण त्या पुरुषांत नाहीं. त्यांच्या घरीं जर्मन बाई होती, तिला भाऊ होते, बाप होता, शेजारी होते, त्यांतील कांहीं आघाडीवर लढत होते. फेब्रुवारीच्या आरंभीं स्टालिनग्राड येथें जर्मन सैन्यानें शरणागति पतकरली होती. त्याच सुमारास जर्मन बायकांना कारखान्यांत व कचेऱ्यांत कामास लावण्यासाठीं त्यांची नोंदणी चालू झाली होती. अशा वेळीं राजधानींतील बायकांचा क्षोभ सरकारला परवडत नव्हता. मिश्रविवाहितांस वेगळें काढण्याचें धोरण हें या भीतीचेंच अपत्य होय. आणि ही भीति खरी ठरली ती बायकांनीं दहा वर्षें सही न दिल्यामुळें. त्या सर्वांनीं 1938 मध्यें घटस्फोट घेतले असते तर 1943 मध्यें वेगळें काढण्यास कोणी उरलेंच नसतें, तो हुकूम लिहावा लागला नसता, आणि ग्रूनर यांस सांपडलाही नसता. तेव्हां बायकांच्या उभें राहण्याचा कांहीं परिणाम झाला नाहीं हें दाखविण्यास जो कागद आणला गेला, तोच कागद त्यांच्या आधीच्या दहा वर्षांच्या निग्रहाचा परिणाम आहे. त्यावर त्यांचें नांव नाहीं, पण त्यांच्यावांचून तो कागद जन्मलाच नसता.

म्हणून आमचा निर्णय असा. सहा-सात दिवसांच्या जमावानेंच सरकारास माघार घ्यावयास लावली, हें विधान आज उपलब्ध असलेल्या साधनांवरून सिद्ध होत नाहीं. संभवनीय आहे, इतकेंच. जमावाचा कांहींच परिणाम झाला नाहीं, हें विधानही सिद्ध होत नाहीं. तें पहिल्याइतकेंच धाडसी आहे, केवळ त्याचा वेष अधिक शास्त्रीय आहे. जें सिद्ध होतें तें असें कीं, त्या पुरुषांचा जीव त्यांच्या विवाहावर टिकून होता, विवाह बायकांच्या नकारावर टिकून होता, आणि तो नकार एरवीं चार भिंतींच्या आड, एकेकटीनें द्यावयाचा असे. 1943 च्या त्या आठवड्यांत तो पहिल्यानें एकत्र व उघड्यावर आला. त्या बायकांना फ्रांकफुर्टचा हुकूम ठाऊक नव्हता. शेजारचे यहुदी गाडींतून गेले ते परतले नाहींत, एवढें त्यांना ठाऊक होतें. कोणाचें धैर्य मोजावयाचें तें त्या व्यक्तीस त्या वेळीं जें माहीत होतें त्यावरून. साठ वर्षांनीं दप्तरांत जें सांपडलें त्यावरून नव्हे.

या प्रकरणाची दुसरी बाजूही नोंदून ठेविली पाहिजे, कारण गौरवाच्या भरांत ती झांकली जाते. त्याच दिवसांत जे 7000 गेले त्यांतील विवाहितांच्या बायका बहुधा यहुदीच होत्या आणि त्याही त्यांच्याबरोबर गेल्या किंवा आधींच गेल्या होत्या. त्यांच्यासाठीं रस्त्यावर कोणी उभें राहिलें नाहीं. रोझेनश्ट्रासेच्या बायका आपल्या नवऱ्यांसाठीं उभ्या होत्या; त्यांना त्याहून अधिक कांहीं करावयाचें होतें असें त्यांनीं स्वतः फारसें म्हटलेलें नाहीं. त्यांस राज्यक्रांतिकारक बनविणें हें त्यांच्या सत्यास सोडून होईल. परंतु साध्या माणसांस कांहीं करणें शक्यच नव्हतें, ही जी सबब युद्धानंतर जर्मनींत सर्वत्र ऐकूं येत होती, तिला या साध्या बायकांचें अस्तित्व हें उत्तर आहे. ग्रूनर-स्टोल्झफस वादांत जो कडवटपणा दिसतो त्याचें मूळ येथेंच आहे. प्रश्न केवळ एका हुकमाच्या अर्थाचा नाहीं.

2003 मध्यें मार्गारेटे फॉन ट्रोटा या दिग्दर्शिकेनें या विषयावर चित्रपट काढला. त्यानें हें नांव जगभर नेलें, हा त्याचा उपकार मान्य केला पाहिजे. पण त्यांतील एक रूपवती नायिका मेजवानींत गोबेल्सपर्यंत पोंचते आणि सुटकेचा धागा तेथें जुळतो, असें जें सुचविलें आहे त्यास इतिहासांत आधार नाहीं, आणि विषयाचा गाभाच त्यामुळें हरवतो. पुडकें घेऊन दाराशीं उभ्या असलेल्या अनामिक बाईच्या जागीं दिवाणखान्यांतील नायिका आली, म्हणजे जुन्या दरबारी कथेंत आणि हिच्यांत अंतर तें काय राहिलें? बर्लिनमध्यें त्या जागीं 1995 साली इंगेबोर्ग हुंत्सिंगर हिनें घडविलेलें दगडी शिल्प उभें आहे. त्यांत नायिका नाहीं, बायकांचा समूह आहे. तें अधिक इतिहाससंमत आहे असें आम्ही समजतों.

आतां आपल्याकडील संग्राहकांस दोन शब्द. सभासदाची बखर राजाराम महाराजांच्या आज्ञेवरून जिंजीस, घटनांनंतर कित्येक वर्षांनीं लिहिली गेली. म्हणून आपण ती टाकून देत नाहीं, तर कागदांशीं ताडून पाहतों. तोच न्याय बायकांच्या तोंडच्या हकीकतींस लावला पाहिजे. बंदिवानाचें नांव, त्याचा गुन्हा, त्याचा जामीन हें दप्तरांत उतरतें. तुरुंगाच्या दाराशीं डबा घेऊन बसलेल्या बाईची नोंद कारकून सहसा करीत नाहीं. आमच्या जिल्ह्यापुरतें बोलावयाचें तर, 25 सप्टेंबर 1930 रोजीं चिरनेर येथें जंगल सत्याग्रहाच्या वेळीं गोळीबार होऊन मागाहून धरपकड झाली; पुढें आणीबाणींत, 1975 ते 1977 या काळांत, मिसा कायद्याखालीं महाराष्ट्रांतून अनेक माणसें विनाचौकशी तुरुंगांत पडलीं. या दोन्ही प्रसंगीं पुरुषांचीं नांवें छापलीं गेलीं. घरीं राहिलेल्या बाईनें कलेक्टरास केलेल्या अर्जाची नक्कल, तुरुंगांतून आलेलें तपासणीचा शिक्का मारलेलें कार्ड, परत आलेल्या मनिऑर्डरीची पावती, भेटीच्या परवान्याचा चिटोरा, हे कागद मात्र पोथ्यांच्या रुमालांत बांधले जात नाहींत. ते डब्यांत, पेटींत, देव्हाऱ्यामागें पडलेले असतात आणि घर मोडलें कीं रद्दींत जातात.

निडीपासून पेणपर्यंतच्या गांवांतून जे संग्राहक सनदा व महजर शोधीत हिंडतात, त्यांस आमची विनंति आहे कीं, ज्या घरांतून कोणी तुरुंगांत गेलें होतें अशा घरीं त्यांनीं या कागदांचीही चौकशी करावी. वृद्ध बाई कांहीं सांगेल तर तें तिच्याच शब्दांत उतरून घ्यावें. ती स्वतः काय पाहिलें म्हणते आणि काय ऐकलें म्हणते हें वेगळें लिहावें. सांगण्याची तारीख, स्थळ व हजर असलेल्यांचीं नांवें खालीं द्यावींत. आणि तिच्या हकीकतींत एखादा आंकडा किंवा तपशील कागदाशीं जुळला नाहीं तर तो सुधारूं नये, बाजूस टीप द्यावी. बर्लिनमध्यें हें काम चाळीस वर्षें उशिरां सुरू झालें, आणि त्या विलंबाचा दंड त्या विषयाचे अभ्यासक आजही भरीत आहेत.